काळ वेगवेगळ्या वेगाने चालणारे पट्टे: माझ्या जगात भोकं शोधून द्या प्लीज

निवडुंग

मंडळी, बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय. एक दीर्घकथा लिहायला घेतलीये (दिवाळीपर्यंत होईल असं स्वतःला सांगतेय, हसू नका) आणि त्यातलं जग पूर्ण माझं आहे, म्हणजे नकाशापासून सगळं. त्या प्रदेशात काळाचे तीन पट्टे आहेत. वरती डोंगरात 'निवांत', मध्ये 'सरळ', खाली मैदानात 'झपाट'. सरळमध्ये दहा दिवस जातात तेव्हा निवांतमध्ये एक दिवस जातो, आणि सरळच्या एका दिवसात झपाटमध्ये दहा दिवस होतात. म्हणजे निवांतचा एक दिवस म्हणजे झपाटचे शंभर.

कथा दोन भावंडांची. सरळमध्ये राहतात, आईवडील नाहीत, दादा तीन वर्षांनी मोठा, त्याला निवांतच्या सीमेवर जकातनाक्यावर कारकुनाची नोकरी लागते आणि तो वर जातो. एक नदी आहे, ती निवांतच्या डोंगरात उगम पावून सरळमधून झपाटमध्ये उतरते, तिच्या काठाने रस्ता. एवढं माझं पक्कं आहे. बाकी कुठे गडबड होतेय ते सांगा, म्हणजे नंतर कोणी वाचक 'पण मग असं कसं' म्हणून पकडायच्या आधी तुम्हीच पकडा.

ठोंब्या

निवांत म्हणजे कोणतंही सरकारी ऑफिस जेवणाच्या सुट्टीनंतर. यात काल्पनिक काय आहे?

निवडुंग

ठोंब्या, तू येणारच होतास. बस आता गप.

पाटकरी

आपली कल्पना आवडली. मी पाटबंधाऱ्यात ३१ वर्षं काढली, त्यामुळे माझं लक्ष सगळ्यात आधी आपल्या नदीकडे गेलं आणि तिथेच घोटाळा आहे असं नम्रपणे सांगतो. आम्ही पाणी क्युसेकमध्ये मोजतो, म्हणजे सेकंदाला किती घनफूट. एक क्युसेक म्हणजे सुमारे २८ लिटर. आता सेकंद कोणाचा?

निवांतमध्ये नदीला १०० क्युसेक पाणी आहे समजा. त्यांचा एक सेकंद म्हणजे सरळचे दहा सेकंद. तेवढंच पाणी दहा सेकंदात उतरलं, म्हणजे सरळवाल्यांना ती नदी १० क्युसेकची दिसणार. आणि झपाटमध्ये पोचेपर्यंत १ क्युसेक. म्हणजे वर नदी, मध्ये ओढा आणि खाली शेताचा पाट. पाणी कुठेही चोरीला गेलेलं नाही, तरी टेलच्या, म्हणजे कालव्याच्या शेवटच्या टोकाच्या शेतकऱ्याला पाणी नाही. (हे मात्र मी खऱ्या कालव्यांवर आयुष्यभर बघितलंय, तिथे कारणं वेगळी असतात.)

उलटं केलंत, म्हणजे झपाटमधून निवांतकडे नदी वाहवली, तर वरच्यांना कायमचा महापूर. त्यामुळे दिशा आहे तीच ठेवा, पण झपाट हा हिरवागार मैदानी मुलूख ही कल्पना सोडा.

निवडुंग

पाटकरी काका 🙏 अहो मी चक्क लिहून ठेवलं होतं 'झपाटची हिरवीगार भातखाचरं'. सेकंद कोणाचा, हे वाक्य मी चोरणार आहे, आत्ताच सांगून ठेवते.

खारीबिस्कीट

चला आता फिजिक्सवाल्याने रंगाचा बेरंग करायची वेळ झाली. आधी हे सांगतो की काळ वेगवेगळ्या वेगाने चालणं ही काही निव्वळ जादू नाही, ते आत्ता तुमच्या घरातही चालू आहे. जमिनीपासून जितकं वर तितकं घड्याळ जलद. २०१० साली अमेरिकेतल्या बोल्डरच्या प्रयोगशाळेत एक अणुघड्याळ दुसऱ्यापेक्षा फक्त ३३ सेंटीमीटर वर उचललं तर फरक मोजता आला, म्हणजे पाटावर बसलेला आणि जमिनीवर बसलेला यांच्यातसुद्धा फरक आहे. कळसूबाईच्या टोकावर एक घड्याळ वर्षभर ठेवलं तर समुद्रकाठच्या घड्याळापेक्षा साधारण साडेपाच मायक्रोसेकंद पुढे जाईल. जीपीएसच्या उपग्रहांची घड्याळं उंचीमुळे दिवसाला ४५ मायक्रोसेकंद पुढे पळतात आणि वेगामुळे ७ मागे पडतात, हे ३८ दुरुस्त केले नाहीत तर दिवसभरात दहा-अकरा किलोमीटरची चूक साठेल आणि तुमचा पिझ्झावाला बदलापूरऐवजी अंबरनाथ गाठेल.

आता वाईट बातमी. पृथ्वीवर एक मीटरला घड्याळातला फरक किती, तर एक भागिले १० चा सोळावा घात. एवढासा. आणि एवढ्याशा उतारावरून झाडाचा आंबा खाली पडतो! काळ जिकडे हळू, तिकडे वस्तू ओढल्या जातात, गुरुत्वाकर्षण म्हणजे एका अर्थी हेच. मग तुमच्या सीमेवर एकदम दहापट फरक असेल तर तिथे जी ओढ असेल तिच्यापुढे जकातनाकाच काय, अख्खा डोंगर चपटा होईल.

अजून. सरळमध्ये हवा २७ डिग्री आहे, म्हणजे ३०० केल्विन. तिकडून येणारी उष्णता निवांतमधल्या माणसाला दहापट तापमानाची लागणार, ३००० केल्विन. हॅलोजन दिव्याची तार साधारण तेवढी तापते. दादा नोकरीवर रुजू व्हायच्या आधीच भाजून निघेल. दहापट सोडा, नुसता १० टक्के फरक ठेवलात तरी २७ चे ५७ डिग्री होतात.

ठोंब्या

म्हणजे चंद्रपूर.

निवडुंग

खारी, मेले रे. मग काय, बंद करू?

खारीबिस्कीट

अगं नाही, फक्त एक जादू जाहीर कर आणि तिच्याशी प्रामाणिक राहा. सीमा ओढत नाही, आणि उजेड आणि ऊब सीमेवर आपोआप दुरुस्त होऊन येतात, संपला विषय. पण आवाजाला सूट देऊ नकोस, तिथे खरी मजा आहे. माणसाचं बोलणं २०० हर्ट्झच्या आसपास धर. झपाटमधला माणूस बोलला तर सरळमध्ये ते २००० हर्ट्झला ऐकू येणार, चिमणीसारखी चिवचिव. आणि निवांतमध्ये? २०,००० हर्ट्झ. माणसाचा कान तिथे संपतो. आणि निवांतवाला बोलला तर झपाटमध्ये २ हर्ट्झ, तेही ऐकू येत नाही, २० च्या खाली कान काम करत नाही. म्हणजे वरचा आणि खालचा कितीही ओरडले तरी एकमेकांना ऐकूच जाऊ शकत नाहीत. दोघांचं ऐकू येणारा फक्त मधला.

परदेशी_पाहुणी

बाप रे, हे शेवटचं वाचून काटा आला.

मी न्यू जर्सीत असते, आमच्याकडे तुमच्यापेक्षा साडेनऊ-साडेदहा तासांचा फरक, पण निदान वेग तरी एकच आहे म्हणायचं. तरी खरं सांगू, दर दीड-दोन वर्षांनी घरी आल्यावर आईला विमानतळावर बघते ना, तेव्हा वाटतं की वेग एकच आहे हे काही खरं नाही.

सुगरण_नव्हे

निवडुंग, तुझ्या आधी हे भागवतात येऊन गेलंय बघ. कुशस्थळीचा राजा ककुद्मी, रेवताचा मुलगा. मुलीसाठी, म्हणजे रेवतीसाठी, वर कोण योग्य हे विचारायला तिला घेऊन थेट ब्रह्मलोकात गेला. तिथे गंधर्वांचं गाणं चालू होतं, मध्येच कसं विचारायचं म्हणून बिचारा गाणं संपेपर्यंत थांबला. मग मनातल्या मुलांची नावं सांगितली तर ब्रह्मदेव हसायलाच लागला, म्हणाला अरे ते कुठले आता, त्यांच्या नातवंडांचीसुद्धा नावं उरली नाहीत, खाली २७ चतुर्युगं उलटली. मग बलरामाचं स्थळ सुचवलं.

मी काल कणीक भिजवता भिजवता हिशोब केला. एक चतुर्युग ४३ लाख २० हजार वर्षं, म्हणजे २७ ची झाली ११ कोटी ६६ लाख ४० हजार. ब्रह्मदेवाचा एक दिवस म्हणजे १००० चतुर्युगं, ४३२ कोटी वर्षं, रात्र वेगळी. तो दिवस आपला बारा तासांचा धरला तर २७ चतुर्युगांची होतात साडेएकोणीस मिनिटं! म्हणजे गंधर्व एक बडा ख्याल गायले असतील, नीट विलंबित, घाई न करता. मला तर एकदम पटलंच ते.

खारीबिस्कीट

साडेएकोणीस मिनिटं 😮 सुगरण ताई दंडवत. मी पुन्हा गुणाकार करून बघितला, १९.४४, बरोबर आहे.

ठोंब्या

झालं, आता 'आपल्याकडे सगळं आधीच होतं' सुरू.

सुगरण_नव्हे

मी विमानाचा शोध लागला म्हटलं का कुठे? गोष्ट म्हणून सांगतेय. आणि मला त्यात काय आवडतं सांगू, ककुद्मी परत आला तेव्हा त्याची नगरी त्याची राहिलेली नव्हती, भाऊबंद यक्षांच्या भीतीने कधीच परागंदा झालेले. रेवती तर जुन्या युगातली म्हणून नव्या युगातल्या माणसांपुढे उंचच उंच, बलरामाने नांगराच्या टोकाने तिला खाली ओढून आपल्या मापाची केली म्हणे. बाप मुलीचं लग्न लावून तपाला निघून गेला. तिला कोणी विचारलं का, तुझ्या मैत्रिणी कुठे गेल्या म्हणून?

पाटकरी

जाता जाता. मुंबईत पूर्वी दोन वेळा होत्या हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. १९०६ साली भारतीय प्रमाणवेळ आली पण मुंबईने आपली स्थानिक वेळ सोडली नाही, ती ३९ मिनिटं मागे. १९५५ पर्यंत हे चालू होतं. आमच्या वडिलांकडून 'बॉम्बे टाइम का स्टँडर्ड' हा प्रश्न लहानपणी ऐकलाय.

खारीबिस्कीट

काका, पण ते घड्याळ वेगळं लावणं झालं, वेग तोच. इथे मुद्दा वेगाचा आहे. तसं म्हटलं तर जपानात १८७३ पर्यंत दिवसाचे सहा आणि रात्रीचे सहा भाग करायचे, म्हणजे उन्हाळ्यात दिवसाचा तास लांब आणि रात्रीचा आखूड, आणि घड्याळं त्याप्रमाणे सरकवत बसायचे. ते जास्त जवळ जातं.

कंपाउंडर

एक शंका. दादा सीमा ओलांडतो म्हणजे पाऊल टाकतो ना? एक पाय निवांतमध्ये, छाती अजून सरळमध्ये. हृदय मिनिटाला ५ लिटर रक्त फिरवतं. पायाकडे रक्त नेहमीच्या वेगाने जाणार आणि परत येणार एक दशांश वेगाने. पाय फुग्यासारखा सुजेल आणि माणूस उंबऱ्यावरच चक्कर येऊन पडेल. बाहेर येताना उलटं. रेषेसारखी सीमा चालणार नाही, हळूहळू बदल हवा.

निवडुंग

अरे देवा, हे तर मला स्वप्नातही आलं नसतं. थांबा, मग घाट करते. दहा वळणांचा घाट, प्रत्येक वळणावर काळ सव्वापट मंदावतो. खारी, दहाव्या वळणावर किती होतात?

खारीबिस्कीट

सव्वानऊच्या थोडं वर. दहा हवेत तर अकरावं अर्धं वळण दे, खिंड म्हणून.

रोखवही

धागा आजच बघितला, सीए असल्याने मला यात नदीबिदी काही दिसत नाही, व्याज दिसतं. ६ टक्के चक्रवाढीने पैसे १२ वर्षांत दुप्पट होतात (७२ भागिले ६). झपाटच्या पेढीत ठेव ठेवली तर झपाटची १२ वर्षं म्हणजे सरळची सव्वा वर्षाला जरा कमी, आणि निवांतचे फक्त ४४ दिवस. म्हणजे निवांतवाला माणूस दीड महिन्याने उठतो आणि पैसे दुप्पट. वर्षभरात आठ वेळा दुप्पट, २५० पटीच्या वर! निवांतमधला प्रत्येक जण बसल्या जागी सावकार. आणि हे व्याज फेडणार कोण, तर खालची माणसं, पिढ्यानपिढ्या. वरच्याच्या एका वर्षात खाली शंभर वर्षं जातात, म्हणजे पणजोबांनी घेतलेलं कर्ज पणतू फेडतोय आणि वरचा सावकार तोच, सही पण तीच.

पाटकरी

आणि धान्य बघा. १२० दिवसांचं भात निवांतमध्ये लावलं तर बाहेर १२०० दिवस जातात, म्हणजे एका पिकाने तीन पावसाळे आणि तीन उन्हाळे बघायचे. ते पीक जगणारच नाही. निवांतला स्वतःचं अन्न पिकवताच येत नाही. उलट झपाटमध्ये एक पावसाळा ४० महिने चालतो, तेवढ्यात भाताची दहा पिकं निघू शकतात, पाणी साठवलं तर. म्हणजे पाणी वरच्यांकडे आणि धान्य खालच्यांकडे. आपल्याला खलनायक शोधायची गरज नाही, तो कालव्याच्या दारावरच बसलेला आहे.

निवडुंग

मी सगळं वहीत लिहून घेतेय, नवरा विचारतोय परीक्षा आहे का.

सूर्याचं पण आत्ता लक्षात आलं, तुम्ही कोणी बोलायच्या आधी मीच सांगते. सूर्य तर सगळ्यांना एकच. मग निवांतमध्ये त्यांच्या एका दिवसात सूर्य दहा वेळा उगवणार. ७२ मिनिटं उजेड, ७२ मिनिटं अंधार. दहा वेळा दिवेलागण! आणि झपाटमध्ये १२० तास सलग ऊन, मग १२० तास रात्र, म्हणजे पाच झोपा उजेडात काढायच्या, खिडक्यांना गोधड्या लावून.

सुगरण_नव्हे

दहा वेळा शुभंकरोति म्हणणार का मग? आणि सुतक दहा दिवस म्हणजे कोणाचे दहा? निवांतमधल्याला खाली कोणी गेल्याची बातमी पोचेपर्यंत वर्षश्राद्ध उरकलेलं असायचं.

बरं, मला एक सांग, दादा एक वर्ष वर राहून आला तर हिची दहा वर्षं गेली. तो तीन वर्षांनी मोठा होता, आता ही सहा वर्षांनी मोठी. ती त्याला दादाच म्हणणार का?

परदेशी_पाहुणी

म्हणणार म्हणजे काय, दादाच! माझे एक चुलत काका माझ्यापेक्षा चार वर्षांनी लहान आहेत, लहानपणी आम्ही एकत्र गोट्या खेळलोय आणि त्याने माझी भोवरा-दोरी पळवली म्हणून मी त्याला चावलेही आहे. तरी त्याचं लग्न झालं त्या दिवशी आजीने सगळ्यांसमोर बजावलं, आजपासून 'अहो काका'. आता आम्ही दोघंही पन्नाशीला आलो, मी वाकून नमस्कार करते आणि तो दर वेळी लाजून मागे सरकतो. नातं एकदा लागलं की वय कोण बघतंय.

रोखवही

आमच्याकडे पण. माझी आई तिच्यापेक्षा दहा वर्षांनी लहान दिराला 'भाऊजी' म्हणते आणि तो तिला 'वहिनी, जेवायला काय' म्हणतो.

निवडुंग

हे मला फार उपयोगी पडलं. मी तिच्या तोंडी 'अरे' घालणार होते पुढच्या भागात, आता नाही. केस पांढरे झालेल्या बाईने तरुण पोराला 'अहो दादा, जेवून घ्या' म्हणायचं, बस.

नाक्याचा प्रसंग थोडासा टाकते, कच्चा आहे, हलके घ्या.

"खिंडीच्या तोंडाशी चौथरा होता आणि त्यावर दोन घंगाळं. दोन्हीत एकेक तांब्याचं घटिकापात्र सोडलेलं, बुडाशी सुईच्या टोकाएवढं भोक. अलीकडच्या घंगाळातली वाटी भरायची, कलायची आणि गुडुप करून बुडायची. कारकून ती काढायचा, झटकायचा, परत सोडायचा आणि फळीवर खडूने एक रेघ ओढायचा. पलीकडच्या घंगाळातली वाटी तशीच तरंगत असायची, तळाशी बोटभर पाणी आलेलं. अलीकडे नऊ रेघा झाल्या की तो पलीकडच्या वाटीकडे बघायला लागायचा."

पाटकरी

उत्तम. घटिका २४ मिनिटांची, दिवसाला ६०. आमच्या लग्नात गुरुजींनी खरं घटिकापात्र आणलं होतं, त्याचं भोक बुजलं होतं म्हणून मुहूर्त हुकायची वेळ आली, शेवटी मामाने मनगटी घड्याळ काढलं. पण एक बघा, कारकून एकच असेल तर तो स्वतः कुठल्या काळात उभा आहे?

निवडुंग

खिंडीच्या अलीकडच्या अंगाला, काका. नोकरी वरची, पण पहिलं वर्ष खाली उभं राहून रेघा मारायच्या, मग बढती मिळून वर. दादाला ती बढती मिळते.

कंपाउंडर

गरोदर बाई झपाटमध्ये गेली तर २७ दिवसांत बाळ घेऊन परत येईल. सासू महिन्याभराने बघते तर नातू. हा प्रसंग घ्या कुठेतरी.

ठोंब्या

आणि परीक्षेच्या आदल्या रात्री झपाटमध्ये जाऊन अभ्यास. कोणीच कसं बोललं नाही? मला हे जग पाहिजे.

सुगरण_नव्हे

ठोंब्या, तू तिथे जाऊनही झोपलाच असतास.

निवडुंग, भाऊबीजेचं काय करतेयस? कोण कोणाकडे जाणार?

निवडुंग

ती जाते. घाट चढून. दादा म्हणतो, एक दिवस तरी राहा, आलीस तशी निघालीस. तो एक दिवस राहिली की खाली दहा दिवस जातात, घरी लहान मूल, गोठ्यात म्हैस, शेजारणीला किती दिवस सांगणार. म्हणून ती ओवाळते, ताटातलं दोन घास खाते आणि उठते. त्याला वाटतं हिला माझ्याकडे बसवत नाही. तिचे तेवढ्यात दीड दिवस गेलेले असतात.

परदेशी_पाहुणी

एक मिनिट. मग त्यानेच खाली यायला पाहिजे ना? त्याने एका दिवसाची रजा टाकली तर तिच्याकडे दहा दिवस राहता येतं. हिशोबाने तेच सोपं आहे.

निवडुंग

हो. तो येत नाही. तेच लिहायचंय मला.

पाटकरी

लिहा. फक्त आपण मला व्यनितून (खासगी निरोपातून) पाठवलेल्या पुराच्या प्रसंगात धरणाचं दार निवांतमध्ये तासभर उघडं राहतं असं आहे, आणि खाली सरळमध्येही तासभरच पाणी येतंय. तिथे दहा तास करा, आणि विसर्ग दहाने भागा.